काळ्या पाण्याची नदी

‘काळे पाणी’ हे शब्द कानी पडताच मराठी माणसाला अंदमानची आठवण होते. ते काळे पाणी केवळ नावाचे. समुद्र तेथेही निळाच आहे. परंतु ज्यांचे पाणी खरोखरीच काळे दिसते अशा काही नद्या या पृथ्वीवर आहेत. त्यांतील सर्वांत मोठी नदी दक्षिण अमेरिकेत वाहते. तिचे नाव रिओ नेग्रो, म्हणजेच काळी नदी.

कोलंबिया देशातील अरण्यात ही नदी उगम पावते. काही अंतरापर्यंत ती कोलंबिया आणि व्हेनेझुएला या दोन देशांची सीमा होऊन वाहते व नंतर ब्राझीलमध्ये प्रवेश करते. सुमारे २,२०० किलोमीटरांचा प्रवास संपवून मानाउस या शहराजवळ ती ॲमेझॉन नदीला मिळते. या संगमाच्या वरच्या भागात ॲमेझॉनला ब्राझीलचे लोक सोलिमोइस म्हणतात.

हा संगम पाहावयास देशोदेशींचे प्रवासी मानाउसला येतात. होडी नदीच्या मध्यावर आली की एक विलक्षण देखावा दिसू लागतो. एका अंगास काळेभोर, संथ पाणी. दुसऱ्या अंगास दूध घातलेल्या चहासारखे गढूळ, वेगवान पाणी. आणि दोहोंच्या मधोमध आखल्यासारखी रेघ! दोन्ही प्रवाह सुमारे सहा किलोमीटरपर्यंत असे शेजारी शेजारी वाहत जातात. सोलिमोइस अँडीज पर्वतावरून गाळ वाहून आणते, त्यामुळे तिचे पाणी जड असते. नेग्रोच्या पाण्यात गाळ जवळजवळ नसतो. तिचा वेग कमी आणि पाणी किंचित उबदार. एवढा भेद असल्यामुळे दोन्ही पाणी चटकन एकजीव होत नाही. होडी ती रेघ ओलांडीत असताना पाण्यात हात धरला, तर ऊब कोठे संपली व गारवा कोठे सुरू झाला हे हातालाच कळते.

काळे पाणी म्हणजे घाणेरडे पाणी, अशी कोणाचीही प्रथम समजूत होईल. पण नेग्रोचे पाणी काचेच्या पेल्यात घेऊन उजेडात धरले, तर ते काळे दिसतच नाही. दूध न घातलेल्या चहासारखे ते तांबूस, पारदर्शक दिसते. चहाची ही उपमा नुसती रंगापुरती नाही. आधणात चहाची पत्ती टाकली म्हणजे जे घडते, तेच या नदीच्या खोऱ्यात अव्याहत चालू आहे. येथील अरण्याखाली बऱ्याच ठिकाणी पांढरी वाळू आहे. झाडांचा पाचोळा तिच्यावर पडतो, पावसात भिजतो, अर्धवट कुजतो, आणि त्याचा अर्क पाण्याबरोबर खाली झिरपतो. चिकणमाती असती तर तिने हा अर्क धरून ठेवला असता. वाळू तो धरीत नाही. असा हजारो ओढ्यांचा अर्क नदीत उतरतो. ओंजळीत तांबूस दिसणारे पाणी खोल पात्रात प्रकाश शोषून घेते आणि काळे दिसू लागते.

पाचोळ्याच्या या अर्कामुळे पाणी आंबट होते, म्हणजे त्यात आम्लाचा अंश उतरतो. त्यात क्षारही फार थोडे. नदीच्या उत्तरेकडील खडक अतिप्राचीन असून त्यांतील क्षार युगानुयुगांच्या पावसाने केव्हाच धुऊन नेले आहेत. अशा पाण्यात डासांच्या अळ्यांची वाढ नीट होत नाही. जर्मन शास्त्रज्ञ हम्बोल्ट १८०० साली ओरिनोको नदीतून प्रवास करीत नेग्रोपर्यंत आला. ओरिनोकोवर डासांनी त्याला नको जीव केले होते. काळ्या पाण्याच्या प्रवाहांवर येताच त्याचा हा छळ थांबला, याची त्याने आवर्जून नोंद केली आहे. याच प्रवासात त्याने आणखी एका गोष्टीची खात्री करून घेतली. कासिकियारे नावाचा एक नैसर्गिक प्रवाह ओरिनोकोचे काही पाणी थेट नेग्रोत आणून सोडतो. दोन महानद्यांना जोडणारा असा प्रवाह क्वचितच आढळतो.

डास नाहीत हे सुख खरे, पण ज्या कारणाने डास नाहीत त्याच कारणाने पाण्यात अन्नही थोडे. अशा नद्यांना ‘भुकेच्या नद्या’ असेही म्हटले जाते. असे असूनही नेग्रोच्या खोऱ्यात माशांच्या अकराशेहून अधिक जाती सापडल्या आहेत. एवढे जीव जगतात तरी कशावर?

त्याचे उत्तर नदीत नसून अरण्यात आहे. दरवर्षी पावसाळ्यात नेग्रोची पातळी मानाउसजवळ सरासरी दहा मीटर, म्हणजे तीन मजली घराच्या उंचीइतकी चढते. काठावरचे सपाट अरण्य कित्येक महिने पाण्याखाली जाते. या बुडणाऱ्या अरण्याला तेथील लोक ‘इगापो’ म्हणतात. झाडांचे बुंधे पाण्यात, शेंडे तेवढे वर! याच सुमारास तेथील अनेक झाडांची फळे पिकून पाण्यात गळतात. मासे झाडांच्या फांद्यांमधून पोहत ती फळे, बिया, वरून पडणारे किडे-मुंग्या खातात आणि पुष्ट होतात. बिया त्यांच्या पोटातून दूरवर जाऊन रुजतात. पाणी ओसरले की मासे पात्रात परततात व नव्या रोपांना वाढीस जमीन मोकळी होते. नदी अरण्याला बुडविते म्हणूनच अरण्य नदीला पोसू शकते.

फांद्यांच्या या गुंत्यात गुलाबी रंगाचा एक जलचरही वावरतो. हा नदीतील डॉल्फिन. त्याला तेथे ‘बोतो’ म्हणतात. समुद्रातील बहुतेक डॉल्फिनांना मान वळविता येत नाही, पण बोतोच्या मानेचे मणके सुटे असल्याने तो डोके सहज वळवून झाडांमधून वाट काढतो. अंधाऱ्या पाण्यात तो आवाज काढतो आणि त्याच्या प्रतिध्वनीवरून भक्ष्य कोठे आहे ते ओळखतो. जत्रेच्या रात्री बोतो पांढरा पोशाख व टोपी घालून, देखणा तरुण होऊन नाचावयास येतो, अशी काठावरच्या लोकांची कथा आहे.

या नदीच्या माशांचा पहिला मोठा अभ्यास आल्फ्रेड रसेल वॉलेस या इंग्रज निसर्गशास्त्रज्ञाने केला. १८५० ते १८५२ या काळात होडीतून, कधी तापाने फणफणत, तो नेग्रोवर हिंडला. सापडेल तो मासा समोर ठेवून त्याने त्याचे चित्र काढले. परत जाताना भर समुद्रात त्याच्या जहाजाला आग लागली. वर्षानुवर्षे गोळा केलेले प्राणी, पक्षी, कीटक डोळ्यांदेखत जळाले. एक लहानशी पत्र्याची पेटी तेवढी तो घाईघाईने वाचवू शकला. दहा दिवस उघड्या होडीत काढल्यावर दुसऱ्या जहाजाने त्याला व खलाशांना उचलून घेतले. त्या पेटीत माशांची चित्रे होती. ती आज लंडनच्या संग्रहालयात जपून ठेवलेली आहेत.

नेग्रोच्या माशांपैकी सर्वांत प्रसिद्ध मासा जेमतेम तीन सेंटिमीटर लांबीचा आहे. निळा चमकता पट्टा आणि त्याखाली लाल अंग असलेला हा ‘कार्डिनल टेट्रा’ जगभर घरोघरच्या काचेच्या पेट्यांत पोहतो. नदीकाठच्या बार्सेलोस या गावातील अनेक कुटुंबे कित्येक दशके या माशांवर जगली. लहान होडीतून अरण्यातील ओढ्यांत शिरायचे, बारीक जाळ्यात मासे अलगद धरायचे आणि जिवंतच व्यापाऱ्याकडे पोचवायचे, हा त्यांचा धंदा. झाड न तोडता पोट भरत असल्याने अरण्यही राहिले. पुढे इतर देशांत हौदांमधून या माशांची पैदास होऊ लागली आणि बार्सेलोसची मागणी घटली. बऱ्याच कोळ्यांना दुसरे काम शोधावे लागले. त्यांपैकी काही आता परदेशी हौशी पाहुण्यांचे वाटाडे झाले आहेत. हे पाहुणे गळ टाकून ‘टुकुनारे’ नावाचा बारा-बारा किलोंपर्यंत वाढणारा झुंजार मासा पकडतात, त्याचे छायाचित्र घेतात आणि त्याला पुन्हा पाण्यात सोडून देतात!

नेग्रोवर करमणुकीचा हंगाम पाणी उतरले की येतो. वर्षाच्या उत्तरार्धात पात्रातून पांढऱ्याशुभ्र वाळूच्या पुळणी वर येतात, आणि मानाउसचे लोक मुलाबाळांसह पोहावयास जातात. वरच्या अंगास अनाविल्यानास नावाचा सुमारे चारशे बेटांचा समूह आहे. २००८ पासून तो राष्ट्रीय उद्यान आहे. पूर असता तेथे झाडांच्या शेंड्यांमधून होडी हाकता येते; तीच जागा काही महिन्यांनी पायी ओलांडता येते.

पाण्याच्या या चढउतारावर नेग्रोकाठचे सारे जीवन बेतलेले आहे. मानाउसचा जुना धक्का तरंगता आहे. तो नदीबरोबर वर चढतो व खाली उतरतो. या बंदरात पातळीची नोंद १९०२ पासून ठेवली जाते. २०२१ च्या जून महिन्यात ती ३०.०२ मीटरपर्यंत चढली. एवढी ती पूर्वी कधीच चढली नव्हती. शहरातील रस्त्यांवर फळ्या टाकून लोकांना चालावे लागले. त्यानंतर दोनच वर्षांनी, २०२३ च्या ऑक्टोबरात, पातळी १२.७० मीटरपर्यंत खाली गेली. हा नीचांकही टिकला नाही. २०२४ साली ती १२.११ मीटरवर आली. होड्या चिखलात रुतल्या. नदी हाच ज्यांचा रस्ता, त्या गावांना धान्य व पिण्याचे पाणी पोचविणे कठीण झाले, आणि होडीने शाळेत जाणाऱ्या मुलांची वाटच बंद पडली.

२०२३ च्या त्या दुष्काळात संगमाजवळच्या खडकांवर कोरलेले मानवी चेहरे उघडे पडले. ते हजार-दोन हजार वर्षांपूर्वीचे असावेत, असा पुराणवस्तुशास्त्रज्ञांचा अंदाज आहे. काही चेहरे हसरे आहेत, काही गंभीर. जवळच दगडी हत्यारे घासून झालेल्या खाचाही दिसल्या. म्हणजे तितक्या प्राचीन काळीही पाणी कधीतरी इतके खाली गेले होते आणि कोणीतरी त्या खडकावर बसून काम करीत होते. पुढे पाऊस आला, नदी चढली, आणि ते चेहरे पुन्हा पाण्याखाली गेले.