मोआना

विषुववृत्ताच्या दक्षिणेस, पॅसिफिक महासागरात सामोआ नावाची बेटे आहेत. त्यांपैकी सवाई हे सर्वांत मोठे बेट. रॉबर्ट फ्लाहर्टी हा अमेरिकन चित्रपटकार १९२३ साली पत्नी, लहानग्या मुली व भाऊ यांच्यासह तेथील साफुने गावी येऊन राहिला. पूर्वी त्याने कॅनडाच्या उत्तरेस, हडसन उपसागराकाठी राहणाऱ्या इन्युइट लोकांवर चित्रपट काढला होता. त्यात हिमवादळे होती, उपासमार होती. तसाच झगडा येथेही सापडेल, अशी त्याची कल्पना.

पण सामोआत नारळ होते, नीरफणस होते, अळूचे कंद होते आणि समुद्रात मासे होते. माणसाने झगडावे तरी कोणाशी? महिने गेले, कथानक काही सापडेना. मग फ्लाहर्टीने शोधणे सोडून दिले आणि तो नुसता पाहू लागला. पेआ नावाचा मुलगा उंच माडावर चढतो, तर कॅमेरा त्याच्यामागोमाग वर वर जातो. माड काही संपत नाही! तुतीच्या जातीच्या एका झाडाची अंतर्साल शिंपल्याने खरवडून, लाकडी ठोकणीने बडवून बायका तिचे कापड करतात. हे सारे काम त्याने अगदी सावकाश टिपले आहे.

त्या काळच्या साध्या फिल्मवर तांबूस व तपकिरी रंग काळपट उमटत. म्हणून त्याने सर्व रंगांना संवेदनशील अशी नवी फिल्म वापरली. त्यामुळे सामोअन लोकांच्या अंगकांतीला पडद्यावर खरा उजाळा आला. फिल्म धुण्यासाठी त्याने एका गुहेतील थंड पाण्याचा उपयोग केला. फिल्मवरील रसायने त्या पाण्यात उतरली, फिल्मवर डाग पडले, आणि तेच पाणी पिऊन तो स्वतःही आजारी पडला.

चित्रपटाचा कळस म्हणजे गोंदण. कमरेपासून गुडघ्यांपर्यंत, हाडाच्या दातेरी हत्याराने ठोकून ठोकून केलेले हे गोंदण म्हणजे तरुणाच्या पुरुषत्वाची कसोटी. नायकाचे काम करणाऱ्या ताआवाले या तरुणाने ती अनेक दिवस सोसली.

आता येथे एक अडचणीचा प्रश्न उभा राहतो. त्या काळी गावातील लोक एरवी सुती कपडे वापरीत. सालीची वस्त्रे त्यांनी चित्रपटासाठी नेसली. पडद्यावरील आई, मुलगे व वधू हे खरोखरीचे एक कुटुंब नव्हते. ती माणसे गावातून निवडलेली होती. तेव्हा हे चित्र खरे म्हणावे की खोटे? फ्लाहर्टीला मावळते जीवन टिपून ठेवायचे होते, हे मान्य. पण समोर चालू असलेले जीवन त्याने बाजूस सारले, हेही तितकेच खरे. गोंदणाचा प्रसंग मात्र कॅमेऱ्यासाठी घडवून आणला असला, तरी सुईची वेदना खरी होती.

'मोआना' १९२६ साली प्रदर्शित झाला. या शब्दाचा अर्थ खोल समुद्र. जॉन ग्रिअर्सन या समीक्षकाने त्यावर लिहिताना, या चित्रपटाला दस्तऐवजाचे मोल आहे, असे म्हटले. त्याच शब्दावरून पुढे माहितीपटांच्या साऱ्या जातीला इंग्रजीत नाव मिळाले.

चित्रपट मूक होता. फ्लाहर्टीची मुलगी मोनिका साफुनेला राहिली, तेव्हा अगदी लहान होती. १९७५ साली ती सामोआत परत गेली. तिने तेथील बोलणे, गाणी, लाटांचा आवाज ध्वनिमुद्रित केला आणि बापाच्या मुक्या चित्रांना तो जोडून दिला.