विसर पडणे: किती सर्रास, आणि कशाने



आरतीनंतर प्रसाद घेताना अनेक ज्येष्ठ मला बाजूला घेऊन एकच गोष्ट विचारतात, "डॉक्टर, हल्ली नावं आठवत नाहीत. हे तेच का हो?" 'ते' म्हणजे काय, हे कोणी उच्चारत नाही.

मराठीत आपण सगळ्यालाच स्मृतिभ्रंश म्हणतो. शब्द जुना आहे. गीतेच्या दुसऱ्या अध्यायातही तो येतो, पण तिथे त्याचे मूळ क्रोध आणि मोह यांत सांगितले आहे. वैद्यकातली कारणे निराळी.

ओळखीच्या माणसाचे नाव ओठांवर येऊन अडते आणि अर्ध्या तासाने आठवते, हा आजार नव्हे. वयाबरोबर मेंदू जरा सावकाश चालतो, इतकेच.

सिनेमातला स्मृतिलोप, म्हणजे 'गजनी'सारखा, प्रत्यक्षात विरळा. नव्या आठवणी साठवणारा मेंदूचा भाग कानशिलाच्या आत खोलवर असतो. डोक्याला जबर मार, पक्षाघात, मेंदूचा दाह, फिट्स, किंवा वर्षानुवर्षांच्या दारूमुळे झालेली बी-१ जीवनसत्त्वाची कमतरता यांनी तो दुखावतो. एक तात्पुरता प्रकारही आहे. साधारण पन्नाशी ते सत्तरीतला धडधाकट माणूस, कधी थंडगार समुद्रात डुंबून आल्यावर, "आपण इथे कसे आलो?" हेच पुन:पुन्हा विचारू लागतो. स्वतःचे नाव, बायकामुले ओळखतो. चोवीस तासांच्या आत सारे पूर्ववत होते, फक्त ते काही तास कायमचे पुसले जातात. वर्षाला लाखात तीन ते आठ जणांना असे होते. मात्र घरी वाट पाहू नये. पक्षाघातही असाच दिसू शकतो. लगेच १११ फिरवावा.

ज्याची खरी धास्ती असते तो डिमेन्शिया. न्यूझीलंडमध्ये २०२० साली सुमारे ७० हजार लोकांना तो असल्याचा अंदाज होता, आणि २०५० पर्यंत हा आकडा १ लाख ७० हजारांच्या आसपास जाईल असे म्हणतात. अल्झायमर हे त्याचे सर्वांत मोठे कारण. डॉ. मोहन आगाशे यांचा 'अस्तु' ज्यांनी पाहिला, त्यांना हत्तीमागे चालत निघालेले ते संस्कृतचे पंडित आठवतील. यात चष्मा कुठे ठेवला हे विसरण्यापुरते थांबत नाही. रोजची वाट चुकते, हातच्या आमटीचा क्रम चुकतो, पैशांचा व्यवहार जमेनासा होतो.

पण मला सांगायचे आहे ते पुढचे. घरात कोणी विसरू लागले की "वय झालं" म्हणून आपण विषय संपवतो, आणि उपचार होण्यासारखी कारणे तशीच राहतात. आपण बहुतेक शाकाहारी, त्यात मधुमेहासाठी मेटफॉर्मिन आणि पित्तासाठी ओमेप्रॅझोल वर्षानुवर्षे चाललेले; बी-१२ घटायला आणखी काय हवे? साध्या रक्ततपासणीत ते कळते. थायरॉइडचेही तसेच. झोपेच्या गोळ्या, सर्दी-ॲलर्जीच्या काही जुन्या गोळ्या डोके जड करतात. आजी दोन दिवसांत एकाएकी भ्रमिष्टासारखी बोलू लागली, तर लघवीचा जंतुसंसर्ग असू शकतो. डिमेन्शिया असा दोन दिवसांत येत नाही. रक्त पातळ करणारी गोळी चालू असताना पडल्यास, काही आठवड्यांनीही कवटीत रक्त साचून गोंधळ सुरू होतो. ऐकू कमी येणारा माणूस विसरभोळा वाटतो. आणि मुलांकडे राहायला आलेले, दिवसभर बंद घरात एकटे बसणारे आईवडील उदास होतात, तेव्हाही लक्षात राहत नाही.

जीपीकडे जाताना सगळ्या गोळ्या पिशवीत घालून न्याव्यात, भारतातून आणलेल्या आणि आयुर्वेदिकही. इंग्रजी न येणाऱ्याची स्मरणचाचणी इंग्रजीत घेतली तर माणूस नाहक नापास होतो. दुभाषी मागणे हा इथल्या रुग्णहक्कांच्या संहितेत बसणारा हक्क आहे. अपॉइंटमेंट घेतानाच मागावा, नातवाला मध्ये बसवू नये. आजोबा नातवासमोर खरे बोलत नाहीत.

कोणत्याही वेळी सल्ल्यासाठी हेल्थलाइन: ०८०० ६११ ११६. अल्झायमर्स न्यूझीलंड: ०८०० ००४ ००१.

आपल्या काही ज्येष्ठांना दवाखान्यात नेणारे कोणी नाही. मुले कामावर असतात. ज्यांना आठवड्यातील एखादी सकाळ गाडीसह देता येईल, त्यांनी मंदिराच्या कार्यालयात नाव नोंदवावे. ज्यांना सोबत हवी आहे त्यांनीही संकोच न करता कळवावे. नाव कार्यालयाबाहेर जाणार नाही.