आफ्रिका खंडातील भाषाबहुलता आणि राजभाषेचा प्रश्न

एखाद्या देशाची राजभाषा कोणती, या प्रश्नाचे उत्तर त्या देशाच्या राज्यघटनेत शोधण्याचा प्रघात आहे. परंतु घटनेतील कलम एक सांगते आणि शाळेचा वर्ग, न्यायालयाचे दप्तर व नोकरीची परीक्षा दुसरेच सांगतात, असे पुष्कळदा आढळते. आफ्रिका खंडात हे अंतर विशेष ठळकपणे दृष्टीस पडते. या खंडात सुमारे २,००० भाषा बोलल्या जातात असा भाषाशास्त्रज्ञांचा अंदाज आहे. असे असूनही सहारा वाळवंटाच्या दक्षिणेकडील बहुतेक राष्ट्रांचा वरिष्ठ राज्यकारभार इंग्रजी, फ्रेंच अथवा पोर्तुगीज या भाषांतून चालतो.

याचे एक कारण नेहमी सांगितले जाते. ते असे की, भाषा अनेक असल्यामुळे त्यांपैकी एकीस अग्रमान दिला तर इतर भाषिक दुखावतात. म्हणून सर्वांना सारखीच परकी असलेली भाषा पत्करणे श्रेयस्कर. हे कारण वरवर समंजसपणाचे वाटते. आफ्रिकेतील काही राष्ट्रांचा अनुभव या कसोटीवर तपासून पाहणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

१. भाषाकुले आणि व्यवहारभाषा

अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ जोसेफ ग्रीनबर्ग यांनी १९६३ साली आफ्रिकी भाषांचे जे वर्गीकरण ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले, त्यात चार भाषाकुले मानली होती. अरबी, अम्हारिक, सोमाली, हौसा आणि बर्बर या भाषा आफ्रो-आशियाई कुलातील होत. नायजर-कांगो हे कुल भाषासंख्येने सर्वांत मोठे. सेनेगलमधील वोलोफ, नायजेरियातील योरुबा व इग्बो, आणि खंडाच्या मध्य, पूर्व व दक्षिण भागांत पसरलेल्या स्वाहिली, झुलू, किन्यारवांडा आदी बांटू भाषा त्यात मोडतात. लुओ, डिंका, मसाई इत्यादी भाषांचे नाइल-सहारा हे तिसरे कुल, आणि जिभेने ‘चट्’ असा आवाज काढून उच्चारावयाच्या व्यंजनांसाठी प्रसिद्ध असलेल्या खोइसान भाषांचे चौथे. यांपैकी खोइसान हे एकसंध कुल आहे असे आता बहुतेक संशोधक मानीत नाहीत, आणि नाइल-सहारा कुलाच्या एकत्वाविषयीही मतभेद आहेत. मादागास्कर बेटावरील मलागासी भाषा मात्र यांपैकी कोणत्याच कुलातील नव्हे. तिचे जवळचे आप्त बोर्निओ बेटावर आहेत.

भाषांची ही संख्या पाहून या खंडात परस्परसंवाद अशक्यप्राय असावा असा ग्रह होणे स्वाभाविक आहे. वस्तुस्थिती तशी नाही. घरी एक भाषा, बाजारात दुसरी आणि प्रवासात तिसरी, ही आफ्रिकेतील असंख्य सामान्य माणसांची नित्याची रीत आहे. त्यातूनच कोणाच्याही हुकुमाविना मोठ्या व्यवहारभाषा निर्माण झाल्या. हौसा ही पश्चिम आफ्रिकेतील व्यापाऱ्यांची भाषा झाली, वोलोफ डाकारच्या रस्त्यांवरची, बांबारा बामाकोची, तर लिंगाला कांगो नदीकाठच्या बाजारांची व सैन्याची. ज्या ऐक्यासाठी परकी भाषा हवी असे म्हटले जाते, ते ऐक्य बाजारपेठेने पुष्कळ अंशी आधीच साधलेले होते.

२. वसाहतींचा वारसा

१८८४-८५ च्या बर्लिन परिषदेनंतर युरोपीय सत्तांनी जी विभागणी झपाट्याने पुरी केली, तिच्यात भाषांच्या सीमांचा विचार नव्हता. सोमाली भाषिक प्रदेश ब्रिटन, फ्रान्स, इटली आणि इथिओपिया यांच्या ताब्यात विभागला गेला. याउलट पाचशेहून अधिक भाषा एका नायजेरियात एकत्र आल्या.

शिक्षणाच्या बाबतीत सत्ताधाऱ्यांची धोरणे भिन्न होती. फ्रेंचांच्या शाळांत आरंभापासून फ्रेंच हेच माध्यम असे, आणि मातृभाषेत बोलणाऱ्या मुलाच्या गळ्यात शिक्षेदाखल एखादी वस्तू अडकविण्याची चाल तेथे होती. ब्रिटिश प्रदेशांत पहिल्या काही इयत्ता बहुधा देशी भाषेत शिकविल्या जात व नंतर इंग्रजी सुरू होई. मिशनऱ्यांना धर्मप्रसारासाठी देशी भाषा हव्या होत्या, त्यामुळे अनेक भाषांचे व्याकरण, कोश व लेखनपद्धती या काळात तयार झाल्या. या कामात आफ्रिकी विद्वानही होते. गुलामगिरीतून मुक्त झालेले योरुबा भाषिक सॅम्युएल अजाई क्राउदर यांनी एकोणिसाव्या शतकात आपल्या भाषेचा शब्दसंग्रह व व्याकरण सिद्ध केले आणि योरुबा बायबलच्या भाषांतरात प्रमुख वाटा उचलला.

तथापि दोन्ही धोरणांची परिणती एकच झाली. वरच्या शिक्षणाचे व सरकारी नोकरीचे दार युरोपीय भाषेनेच उघडे. स्वातंत्र्य मिळाले तेव्हा राज्ययंत्र ज्यांच्या हाती आले, ते याच दारातून आत आलेले होते.

३. एकभाषी राष्ट्रांची साक्ष

भाषांची अनेकता हेच जर युरोपीय भाषेच्या वर्चस्वाचे कारण असेल, तर जेथे भाषा एकच आहे तेथे हे वर्चस्व दिसता कामा नये. रवांडा हे या दृष्टीने विचारात घेण्याजोगे राष्ट्र होय. तेथील जवळजवळ सर्व लोक किन्यारवांडा ही एकच भाषा बोलतात. तरीही तेथे वरच्या शिक्षणाचे माध्यम प्रथम फ्रेंच होते. २००८ साली शासनाने इंग्रजी माध्यमाचा निर्णय घेतला, तेव्हा स्वतः फ्रेंचमधून शिकलेल्या शिक्षकांना अल्पावधीत इंग्रजीतून शिकविणे भाग पडले. २०१९ मध्ये पहिल्या इयत्तेपासूनच इंग्रजी माध्यम ठरविण्यात आले. लेसोथोमध्येही बहुतेक सर्वांची भाषा सेसोथो असून इंग्रजीचे स्थान अबाधित आहे.

सोमालियाची कथा याहून बोधप्रद आहे. १९६० साली स्वतंत्र झालेल्या या देशात सोमाली ही बहुतेक सर्वांची भाषा होती. परंतु तिची लिपी कोणती असावी याविषयी एकमत नव्हते. अरबी, रोमन आणि एका सोमाली संशोधकाने विसाव्या शतकात निर्माण केलेली उस्मानिया, अशा तीन लिप्यांचे पुरस्कर्ते परस्परविरोधी होते. या वादात बारा वर्षे गेली, आणि तोवर कारभार इंग्रजी, इटालियन व अरबी भाषांत चालला. १९७२ च्या ऑक्टोबरमध्ये लष्करी शासनाने रोमन लिपी घोषित केली आणि सरकारी नोकरांना ती काही महिन्यांत शिकावयास लावली. १९७४ मध्ये माध्यमिक शाळा बंद ठेवून विद्यार्थी व शिक्षक यांना साक्षरताप्रसारासाठी ग्रामीण भागात धाडण्यात आले. ज्या भाषेत पाठ्यपुस्तके नव्हती, तिच्यात ती थोड्याच वर्षांत तयार झाली.

या उदाहरणाची दुसरी बाजूही नमूद करणे अवश्य आहे. हाच एकभाषी देश १९९१ नंतर यादवी युद्धाने विदीर्ण झाला. भाषा अनेक असल्याने राष्ट्र फुटते हे जसे खरे नाही, तसेच भाषा एक असल्याने ते टिकते हेही खरे नाही.

४. टांझानिया : एक यशस्वी, तरी अपुरा प्रयोग

टांझानियात शंभराहून अधिक भाषा आहेत. स्वाहिली ही मूळची किनाऱ्यावरील व झांझिबारमधील लोकांची मातृभाषा. परंतु व्यापारी तांड्यांबरोबर ती खंडाच्या अंतर्भागात फार पूर्वीच पोहोचली होती. जर्मन अधिकाऱ्यांनी कारभारात तिचा उपयोग केला, आणि १९३० साली ब्रिटिश अमलाखाली स्थापन झालेल्या आंतरप्रादेशिक समितीने झांझिबारची बोली प्रमाण मानून तिचे लेखन निश्चित केले. अंतर्भागातील कोणत्याही मोठ्या जमातीची ती स्वतःची भाषा नव्हती, म्हणून तिच्याविषयी कोणाच्या मनात भय नव्हते. तटस्थतेचा जो गुण युरोपीय भाषांच्या ठायी सांगितला जातो, तो एका आफ्रिकी भाषेतही असू शकतो, हे येथे सिद्ध झाले.

राष्ट्राध्यक्ष ज्यूलियस न्येरेरे यांनी या भाषेस स्वातंत्र्यानंतर राष्ट्रभाषेचे स्थान दिले. शेक्सपियरच्या ‘ज्यूलियस सीझर’ व ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’ या नाटकांची स्वाहिली भाषांतरे त्यांनी स्वतः केली. १९६७ पासून प्राथमिक शिक्षण संपूर्णपणे स्वाहिलीतून सुरू झाले. आज देशातील बहुतेक सर्व नागरिकांना ही भाषा अवगत आहे.

मात्र माध्यमिक शाळेच्या उंबरठ्यावर हा प्रयोग थांबला. सात वर्षे स्वाहिलीतून शिकलेले मूल माध्यमिक शाळेत पाऊल टाकताच भूगोल, गणित व विज्ञान इंग्रजीतून शिकू लागते. वर्गात शिक्षक इंग्रजी वाक्य फळ्यावर लिहितो आणि त्याचा अर्थ स्वाहिलीत सांगतो. परीक्षेचे उत्तर मात्र इंग्रजीतच लिहावे लागते. पुढेही स्वाहिली माध्यम नेण्याचा विचार शासकीय धोरणांत एकाहून अधिक वेळा मांडला गेला, परंतु त्याची सार्वत्रिक अंमलबजावणी झाली नाही. न्यायालयांतही दीर्घकाळ असेच द्वैत होते. कनिष्ठ न्यायालयांचे कामकाज स्वाहिलीत चाले. वरिष्ठ न्यायालयात मात्र साक्षीदार स्वाहिलीत बोले व न्यायाधीश ते मनातल्या मनात भाषांतरून इंग्रजीत टिपून घेत. आपल्याच खटल्याचा निकाल पक्षकारास वाचता येत नसे. २०२१ साली कायद्यात दुरुस्ती होऊन स्वाहिली ही न्यायालयांची भाषा ठरली. २०२२ मध्ये आफ्रिकी संघानेही स्वाहिलीस आपल्या कामकाजाच्या भाषांत स्थान दिले.

५. घटनेतील समता आणि व्यवहारातील विषमता

दक्षिण आफ्रिकेने वेगळा मार्ग निवडला. १९९६ च्या राज्यघटनेने अकरा भाषांना राजभाषेचा दर्जा दिला. २०२३ मध्ये मूकबधिरांची खुणांची भाषा ही बारावी राजभाषा झाली. २०२२ च्या जनगणनेनुसार झुलू ही सुमारे एक चतुर्थांश लोकांची घरची भाषा असून इंग्रजी घरी बोलणारे १० टक्क्यांहून कमी आहेत. तथापि २०१७ मध्ये उच्च न्यायालयांच्या अभिलेखाची भाषा म्हणून केवळ इंग्रजीच निश्चित करण्यात आली, आणि बहुसंख्य कृष्णवर्णीय मुलांचे शिक्षण चौथ्या इयत्तेपासून इंग्रजीतून होण्याचा प्रघातही पुढे दीर्घकाळ टिकला.

यात केवळ शासनाची अनास्था पाहणे योग्य होणार नाही. वर्णभेदी राजवटीने १९५३ च्या बांटू शिक्षण कायद्याखाली कृष्णवर्णीयांवर मातृभाषेतील शिक्षण लादले होते. त्यांना निकृष्ट शिक्षणात अडकवून ठेवावे, हा त्यातील हेतू होता. पुढे काही विषयांसाठी आफ्रिकान्स माध्यम सक्तीचे केल्यावर १६ जून १९७६ रोजी सोवेटो येथे विद्यार्थ्यांनी निषेध-मोर्चा काढला आणि पोलिसांच्या गोळीबारात अनेक मुले प्राणास मुकली. ज्या पालकांच्या स्मरणात मातृभाषेचे माध्यम म्हणजे दडपणुकीचे साधन होते, ते आपल्या मुलांसाठी इंग्रजी मागतात, यात नवल नाही.

इथिओपियाच्या १९९५ च्या घटनेनेही सर्व भाषांना समान मान्यता दिली. संघराज्याच्या कामकाजाची भाषा अम्हारिक ठेवून आपली भाषा ठरविण्याचा अधिकार तिने घटक राज्यांना दिला. ओरोमो ही देशात सर्वाधिक लोकांची मातृभाषा असूनही केंद्रीय व्यवहारात तिला स्थान नव्हते. ओरोमो, तिग्रिन्या, सोमाली व अफार या भाषांना संघराज्याच्या कामकाजात स्थान देण्याचा निर्णय २०२० मध्ये जाहीर झाला.

परकी भाषा तटस्थ असते, या समजुतीस कॅमेरूनने उत्तर दिले आहे. तेथे इंग्रजी व फ्रेंच या दोन्ही राजभाषा आहेत. २०१६ मध्ये इंग्रजी प्रदेशातील वकिलांनी व शिक्षकांनी आपल्या न्यायालयांत व शाळांत फ्रेंच भाषिकांच्या नेमणुका होत असल्याचा निषेध केला. शासनाने तो दडपला आणि पुढे त्यातून सशस्त्र संघर्ष पेटला. राज्याची नोकरी ज्या भाषेवर अवलंबून असते ती भाषा, मग ती मूळची कोठलीही असो, कलहाचा विषय होऊ शकते.

६. इफे येथील प्रयोग

मातृभाषेतून दीर्घकाळ शिकणारे मूल इंग्रजीत मागे पडते का, हा पालकांच्या मनातील मुख्य प्रश्न आहे. १९७० साली नायजेरियातील इफे येथे प्राध्यापक बाबाटुंडे फाफुन्वा यांच्या पुढाकाराने याचा प्रत्यक्ष शोध घेण्यात आला. एका गटास सहाही वर्षे योरुबा माध्यम ठेवून इंग्रजी हा स्वतंत्र विषय म्हणून शिकविला. दुसऱ्या गटास प्रचलित रीतीने तीन वर्षांनंतर इंग्रजी माध्यम दिले. पहिल्या गटातील मुले इतर विषयांत सरस ठरली आणि इंग्रजीतही मागे पडली नाहीत. एवढे असूनही नायजेरियात या पद्धतीचा सार्वत्रिक स्वीकार झाला नाही. २०२२ मध्ये प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून देण्याचे धोरण संमत झाले, आणि २०२५ मध्ये ते रद्द करण्यात आले.

७. निष्कर्ष

वरील विवेचनावरून असे दिसते की, आफ्रिकेत युरोपीय भाषांचे स्थान टिकून राहण्याचे मुख्य कारण भाषांची संख्या हे नव्हे. एकभाषी रवांडात ते टिकले, आणि शंभराहून अधिक भाषांच्या टांझानियात ते निम्म्याहून अधिक हटले. खरे कारण माध्यमिक शाळा, वरिष्ठ न्यायालय आणि नोकरीची परीक्षा या तीन ठिकाणी आहे. या तिन्ही ठिकाणी जोवर परकी भाषा आहे, तोवर घटनेत किती भाषांची नावे आहेत हा प्रश्न गौण ठरतो. आणि पालक परकी भाषा मागतात तेव्हा ते आपल्या भाषेचा अव्हेर करीत नसून बंद दाराची किल्ली मागत असतात. म्हणून देशी भाषेस राजभाषेचा दर्जा देणाऱ्या शासनाची परीक्षा त्या घोषणेच्या दिवशी होत नाही. त्या भाषेत शिकलेल्या मुलास पुढे कोणती परीक्षा देता येते व कोणते काम मिळते, यावरूनच ती होते.