खातें उसनें देऊं नये

सात-बाराच्या उताऱ्यावर ज्याचें नांव, त्याच्याकडेच सरकार साऱ्याची मागणी करितें. पीक दुसऱ्यानें नेलें ही सबब तेथें चालत नाहीं. महसुली दप्तरांत आमची हयात गेली, त्यावरून आम्ही हें सांगतों. बँकेच्या खात्याचेंहि तसेंच आहे. अलीकडे कांहीं इसम गरजू माणसास गाठून, "तुमचें खातें दोन महिने वापरूं द्या, मोबदला देऊं," असें सांगून पासबुक, एटीएम कार्ड व मोबाइलचें सिम मागून नेतात. या व्यवहाराचें खरें स्वरूप शेतकरी बंधूंनीं नीट समजून घ्यावें.

फसवणुकीनें मिळविलेला पैसा चोर स्वतःच्या खात्यांत घेत नाहीं. तेथें माग लागतो. तो पैसा प्रथम अशा भाड्याच्या खात्यांत उतरतो, थोड्याच वेळांत अनेक खात्यांत वांटला जातो, व शेवटीं रोकड होऊन किंवा आभासी चलनाच्या रूपानें दिसेनासा होतो. यासच मनी लाँडरिंग, म्हणजे काळा पैसा धुणें, म्हणतात. पोलीस माग काढीत येतात तेव्हां कागदोपत्रीं नांव सांपडतें तें खातेदाराचें. अशा खात्यांविषयीं रिझर्व्ह बँकेनें डिसेंबर २०१० मध्येंच बँकांस सावध केलें होतें.

याचा पहिला परिणाम असा कीं, खातें गोठविलें जातें. त्याच खात्यांत उंसाचें बिल, दुधाचे पैसे, पीककर्ज व पीएम-किसानचा हप्ता येत असल्यास ऐन पेरणींत बियाण्यापुरताहि पैसा हातीं येत नाहीं. दुसरा परिणाम याहून कठीण. धनशोधन निवारण अधिनियम, २००२ हा कायदा १ जुलै २००५ पासून अंमलांत आहे. त्यान्वयें जाणूनबुजून साहाय्य करणाराहि दोषी ठरतो, व शिक्षा किमान ३ वर्षें, सामान्यतः ७ वर्षांपर्यंत सक्तमजुरी व दंड अशी आहे. मोबदला घेतल्यावर "आम्हांस ठाऊक नव्हतें" हें पटविणें सोपें नाहीं.

अनोळखी रक्कम जमा झाल्यास फोनवरील इसमाच्या सांगण्यावरून ती कोठेंहि पाठवूं नये. शाखेंत लेखी अर्ज देऊन पोच घ्यावी. कार्ड किंवा सिम आधींच दिलें असेल तर तें त्याच दिवशीं बंद करवावें, आणि १९३० या क्रमांकावर व पोलीस ठाण्यांत कळवावें.

शेजाऱ्यास बैलजोडी द्यावी, औत द्यावें, हा आपला जुना शेजारधर्म आहे. परंतु खातें म्हणजे आपलें नांव. तें उसनें देण्याची वस्तु नव्हे.