शाप, उःशाप आणि पानात अडकवलेलं बोट

मंडळी, ऑक्टोबरच्या हाफ-टर्मला नात राहायला आली होती. वय वर्षं सोळा. बाहेर पाऊस, आणि ही तासन् तास पडद्याला चिकटलेली. शेवटी मी म्हटलं, "बघू तरी काय आहे ते!" तर म्हणाली, "थांब आजी, मी आत्ताच मेले. मागे जाते."

खेळाचं नाव 'पॅरानॉर्मासाइट: द सेव्हन मिस्टरीज ऑफ होंजो'. जपानच्या स्क्वेअर एनिक्स कंपनीने २०२३ साली काढलेला. या प्रकाराला व्हिज्युअल नॉव्हेल म्हणतात. म्हणजे चित्रांसकट वाचायची कादंबरी; फक्त ती मधेच थांबते आणि विचारते, आता तू काय करणार? तोक्योतल्या होंजो वस्तीच्या सात जुन्या दंतकथांवर ती रचली आहे. त्यांतली एक अशी: मासे घेऊन घरी निघालेल्या माणसाला कालव्यातून आवाज येतो, "ठेवून जा, ठेवून जा!" आणि थोड्या वेळाने बघतो तर टोपली रिकामी. खेळात अशा प्रत्येक कथेचा एक शाप होतो आणि तो एकेकाच्या हाती लागतो. कालव्याच्या शापाची अट अशी की समोरचा माणूस आपल्याला सोडून जायला निघाला, की त्याचा जीव घेता येतो. आमिष कसलं? असे जीव घेत गेलं तर आपलं मेलेलं माणूस परत आणता येईल.

मला वाटलं, बरोबर पर्याय निवडला की सुटलो. छे! एकाची वाट अडली की दुसऱ्याच्या गोष्टीत शिरायचं, तिथे कळलेलं घेऊन परत यायचं. शेवटही अनेक, आणि वाईट शेवट फुकट जात नाही. कशाने मेलो ते लक्षात ठेवायचं. एका शापातून सुटायची युक्ती तर खेळाच्या सेटिंगमध्ये दडवली आहे! ती सांगत नाही, नातीने बजावलंय.

तिच्या बापाने हेच कागदावर केलं होतं. इयान लिव्हिंगस्टन आणि स्टीव्ह जॅक्सन या इथल्याच दोघांचं 'द वॉरलॉक ऑफ फायरटॉप माउंटन' पफिनने १९८२ साली काढलं. ४०० क्रमांकांचे परिच्छेद. डावीकडे जायचं तर अमुक क्रमांक, उजवीकडे तर तमुक. १९८४ च्या 'हाउस ऑफ हेल'मध्ये तर झपाटलेला वाडाच. आमचे चिरंजीव मागच्या पानात बोट अडकवून पुढे वाचायचे. मेले की बोटावर परत!

नातीला म्हटलं, "अगं, हा तर आमचा वेताळ!" मग अर्ध्या मराठीत, अर्ध्या इंग्रजीत सांगितलं. विक्रमाच्या पाठीवर प्रेत, प्रेतात वेताळ. गोष्टीच्या शेवटी प्रश्न. उत्तर ठाऊक असून गप्प राहिलास तर डोक्याची शकलं. बोललास तर वेताळ परत झाडावर. चोवीस वेळा राजा मुकाट्याने झाडाकडे गेला. पंचविसाव्या प्रश्नाचं उत्तर त्याला खरंच येईना, म्हणून तो गप्प राहिला. त्यावर वेताळ प्रसन्न झाला, योग्याचा कपटी बेत त्याने राजाला सांगून टाकला. शापाला उःशाप असतोच. पण तो कुठे मिळेल, याचा नेम नाही.

ती ऐकत होती. मग एकदम म्हणाली, "आजी, तुला मागे जाता आलं, तर तू दुसरा ऑप्शन घेशील?"

आम्ही १९७२ साली इकडे आलो. निघताना वडील फाटकापाशी उभे होते, मी वळून पाहिलं नाही. रडू येईल म्हणून. १९७६ साली ते गेले. तार हातात पडली तोवर तिकडे सगळं आटोपलं होतं. पण आलेच नसते, तर ही पोरगी तरी समोर कुठून असती?

उत्तर खरंच ठाऊक नव्हतं. गप्प बसले. तीही काही बोलली नाही, उठून चहा करून घेऊन आली. दूध जरा जास्तच झालं होतं, पण प्यायले.

रविवारी जाताना म्हणाली, "बाकीच्या चोवीस ख्रिसमसला." मला आठवतात जेमतेम सात. कुणाकडे वेताळ पंचविशीची धड मराठी प्रत असेल, तर कृपया कळवा. जपून वापरून परत करीन.