निर्मात्याचे कर्तृत्व आणि जपानी राक्षसपट : तोमोयुकी तनाका यांची कारकीर्द

प्रस्तावना :
चित्रपटाच्या अभ्यासात दिग्दर्शकाला कर्ता मानले जाते. निर्मात्याची नोंद बहुधा भांडवल पुरविणारा एवढीच होते. ही समजूत किती अपुरी आहे, हे जपानमधील 'तोहो' कंपनीचे निर्माते तोमोयुकी तनाका (१९१०-१९९७) यांच्या कारकिर्दीवरून स्पष्ट होते.

विषयाची निवड :
तनाका १९४० मध्ये तोहोत दाखल झाले. १९५४ मध्ये इंडोनेशियाच्या सहकार्याने काढावयाचा त्यांचा चित्रपट व्हिसाअभावी रद्द झाला आणि कंपनीच्या वेळापत्रकात पोकळी निर्माण झाली. त्याच वर्षी १ मार्च रोजी बिकिनी येथील अमेरिकन हायड्रोजन बॉम्बच्या चाचणीची किरणोत्सारी राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली होती. अशा चाचणीमुळे समुद्रातून वर आलेला महाकाय प्राणी ही कल्पना तनाका यांनी मांडली. हॉलिवूडच्या तत्कालीन राक्षसपटांचे यश त्यांच्यासमोर होतेच. परंतु त्या साच्यात त्यांनी जपानी समाजाचे ताजे भय भरले.

माणसांची जुळणी :
दिग्दर्शन इशिरो होन्डा, विशेष दृश्ये एजी त्सुबुराया आणि संगीत अकिरा इफुकुबे यांच्याकडे सोपविण्यात आले. बाहुली कणाकणाने हलवून चित्रण करण्याइतका वेळ नव्हता. म्हणून रबरी पोशाखातील नट आणि शहराची लघुप्रतिकृती हा मार्ग स्वीकारला गेला. तोच पुढे या चित्रप्रकाराची ओळख ठरला. ३ नोव्हेंबर १९५४ रोजी प्रदर्शित झालेला 'गॉडझिला' सुमारे ९६ लाख प्रेक्षकांनी पाहिला.

घसरण आणि पुनरुज्जीवन :
दूरचित्रवाणीच्या प्रसारानंतर खर्च कमी करण्यात आला, जुनी दृश्ये पुन्हा वापरली गेली आणि भयप्रद प्राणी बालप्रेक्षकांचा मित्र बनला. १९७५ च्या चित्रपटाला दहा लाख प्रेक्षकही लाभले नाहीत व मालिका थांबली. १९८४ मध्ये तनाका यांनी मधले सर्व भाग बाजूला सारून कथानक थेट १९५४ शी जोडले आणि त्या प्राण्याला त्याचे मूळ भयावह रूप परत दिले. दरम्यान, अकिरा कुरोसावा यांच्या 'योजिंबो' (१९६१) व 'कागेमुशा' (१९८०) या चित्रपटांच्या निर्मितीतही त्यांचा सहभाग होता.

समारोप :
मालिकेचा उदय, तिची घसरण आणि तिचे पुनरुज्जीवन या तिन्ही टप्प्यांवर निर्माता एकच होता. त्यामुळे यशाचे श्रेय तनाका यांना देताना घसरणीची जबाबदारीही त्यांच्याकडेच जाते. भय विकता येते. मात्र त्यामागील सामाजिक अनुभव वगळला की उरतो तो केवळ रबरी पोशाख, हाच या कारकिर्दीचा निष्कर्ष होय.