संहिता, भाषांतर आणि शिक्षा : १८९७च्या राजद्रोह खटल्याचे एक वाचन

१

न्यायहानी म्हटले की खोटी साक्ष, चुकलेली ओळखपरेड किंवा दडवलेला पुरावा या गोष्टी प्रथम डोळ्यांसमोर येतात. परंतु काही खटल्यांत मुद्देमाल म्हणून छापील मजकूरच न्यायासनापुढे असतो. तो कोणी लिहिला, कोणी छापला, केव्हा छापला याविषयी दोन्ही पक्षांत फारसा वाद नसतो. वाद असतो तो अर्थाविषयी. अशा खटल्यात अन्याय घडला असेल, तर तो वाचनाच्या प्रक्रियेत घडलेला असतो. म्हणूनच हा विषय विधिज्ञांइतकाच साहित्याच्या अभ्यासकांचाही ठरतो. प्रस्तुत लेखात लोकमान्य टिळकांवरील १८९७च्या राजद्रोह खटल्याचा या अंगाने विचार केला आहे. नंतरचे १९०८ व १९१६ हे दोन प्रसंग तुलनेसाठी घेतले आहेत.

खटल्याची पार्श्वभूमी परिचित आहे. प्लेगच्या बंदोबस्तातील जुलमामुळे पुण्यात असंतोष धुमसत होता. २२ जून १८९७ च्या रात्री, व्हिक्टोरिया राणीच्या हीरकमहोत्सवाचा समारंभ आटोपून परतत असता, प्लेग अधिकारी रँड व लेफ्टनंट आयर्स्ट यांच्यावर गणेशखिंडीत गोळ्या झाडण्यात आल्या. गोळ्या झाडणारे दामोदर व बाळकृष्ण चापेकर हे चिंचवडचे, हरिदासाच्या घरातले. आज कारखान्यांच्या शिट्ट्यांनी ओळखल्या जाणाऱ्या पिंपरी-चिंचवड परिसरात चापेकरांचा वाडा आणि त्यांच्या नावाचा चौक ही स्मृती टिकवून आहेत. पुढे दामोदर, बाळकृष्ण आणि वासुदेव या तिघा भावांना व त्यांचे सहकारी महादेव रानडे यांना फाशी झाली.

येथे कालक्रम काळजीपूर्वक पाहिला पाहिजे. ज्या मजकुरावरून टिळकांवर खटला भरला गेला, तो 'केसरी'च्या १५ जून १८९७ च्या अंकातला, म्हणजे खुनाच्या आठवडाभर आधीचा. टिळकांना अटक झाली २७ जुलैला आणि शिक्षा झाली १४ सप्टेंबरला. दामोदर चापेकर पकडले गेले ते त्यानंतर, ऑक्टोबरात. याचा अर्थ टिळकांना दोषी ठरविले गेले तेव्हा मारेकरी कोण हेच सरकारला न्यायालयात सांगता येत नव्हते. आरोप राजद्रोहाचा होता. खुनाचा किंवा खुनास चिथावणी दिल्याचा आरोप त्यांच्यावर नव्हता. तरीही २२ जूनच्या घटनेची सावली १५ जूनच्या मजकुरावर पडली. नंतर घडलेली घटना आधीच्या संहितेचा अर्थ ठरवू लागली. वाचनातील हा पहिला विपर्यास होय.

२

त्या अंकातील आक्षेपार्ह ठरलेला मजकूर दोन प्रकारचा होता : टोपणनावाने आलेली 'शिवाजीचे उद्गार' ही कविता, आणि पुण्यात साजऱ्या झालेल्या शिवराज्याभिषेक उत्सवाचा वृत्तांत. वृत्तांतात प्रा. भानू यांच्या व्याख्यानाचा व टिळकांच्या भाषणाचा समावेश होता. अफझलखानाच्या वधाचे नैतिक समर्थन हा त्यातील चर्चेचा विषय.

साहित्याच्या विद्यार्थ्याला येथे निवेदनाचे अनेक स्तर सहज दिसतील. कवितेत बोलतात ते शिवाजी महाराज. ते बोल लिहितो कवी. ते छापतो संपादक. वृत्तांतातही व्याख्याता एक, वार्ताहर दुसरा आणि संपादक तिसरा. प्रकाशनाची कायदेशीर जबाबदारी संपादकावर येते हे खरे. परंतु प्रकाशनाची जबाबदारी आणि हेतू या दोन वेगळ्या बाबी आहेत. काव्यातील वक्ता, कवी आणि संपादक यांच्यातील अंतर पुसून टाकले की ऐतिहासिक पुरुषाच्या तोंडचे नाट्यमय आत्मकथन हे संपादकाचे थेट आवाहन होऊन बसते.

दुसरा प्रश्न भाषांतराचा. ज्युरीत सहा युरोपीय व तीन भारतीय होते. मराठी मजकुराचे ज्युरीसमोरचे रूप सरकारी भाषांतरातले होते. कोणत्या शब्दाचे कोणते भाषांतर योग्य हा तपशील क्षणभर बाजूला ठेवला तरी मूळ अडचण उरतेच. 'वध' हा शब्द घ्या. कंसवध, कीचकवध, अफझलखानाचा वध या शब्दप्रयोगांमागे पुराणकथेची, कीर्तनाची व पोवाड्याची परंपरा उभी आहे. 'वध' म्हणताच मारणाऱ्याच्या न्याय्यतेविषयीचा एक निर्णय भाषेनेच दिलेला असतो. 'खून' या शब्दात नेमका उलट निर्णय असतो. इंग्रजीत या दोहोंतील एक छटा निवडणे भाषांतरकाराला भागच पडते, आणि निवडीबरोबर अर्धा निकालही लागून जातो.

३

तिसरा आणि निर्णायक टप्पा व्याख्येचा. १८७० मध्ये दंडसंहितेत आलेल्या कलम १२४ अ नुसार सरकारविषयी अप्रीती निर्माण करणे हा गुन्हा होता. सरकारच्या आज्ञेत राहण्याची वृत्ती कायम ठेवून त्याच्या उपाययोजनांबद्दल नापसंती व्यक्त करणे हा गुन्हा नव्हे, असे स्पष्टीकरणही कलमालाच जोडलेले होते. अप्रीती म्हणजे नेमके काय हे मात्र कलमाने सांगितले नव्हते.

न्या. स्ट्रेची यांनी ज्युरीला मार्गदर्शन करताना अप्रीतीचा अर्थ प्रीतीचा अभाव असा लावला आणि त्यात द्वेष, वैर, नावड, तिरस्कार, अशा सर्व प्रकारच्या दुर्भावनांचा समावेश केला. दुर्भावना किती तीव्र आहे हे पाहण्याचे कारण नाही, तिच्यामुळे प्रत्यक्ष दंगा किंवा बंड झाले की नाही हेही पाहण्याचे कारण नाही, असे त्यांचे प्रतिपादन होते. 'अ' या उपसर्गाचा अर्थ अभाव घ्यावा की विरोध, हा व्याकरणाचा प्रश्न वाटतो. परंतु 'अधर्म' म्हणजे केवळ धर्माचा अभाव नव्हे, हे मराठी वाचक जाणतो. राज्यकर्त्यावर प्रेम नसणे आणि त्याच्याविरुद्ध उठण्यास लोकांना प्रवृत्त करणे या दोहोंत फार मोठे अंतर आहे. ते अंतर या व्याख्येने मिटविले.

ज्युरीचा कौल ६ विरुद्ध ३ असा पडला. टिळकांना दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. प्रिव्ही कौन्सिलकडे अपील करण्याची परवानगी मिळाली नाही. १८९८ मध्ये कलमात दुरुस्ती झाली. द्वेष व तिरस्कार हे शब्द त्यात घालण्यात आले आणि अप्रीतीमध्ये बेइमानी व वैरभावना यांचा समावेश होतो असे नमूद करण्यात आले. वादग्रस्त वाचनाला अशा रीतीने कायद्याचेच अधिष्ठान मिळाले.

४

यानंतर क्षमेचा अध्याय येतो. मॅक्स म्युल्लर, सर विल्यम हंटर, दादाभाई नौरोजी आदींच्या सह्यांचा अर्ज राणी सरकारकडे गेला. सप्टेंबर १८९८ मध्ये, शिक्षेचे सहा महिने शिल्लक असता, टिळकांची अटींवर सुटका झाली. पुन्हा राजद्रोहाचा दोष सिद्ध झाल्यास उरलेली शिक्षाही भोगावी लागेल, ही त्यांतील एक अट.

निर्दोषत्व आणि क्षमा यांतील भेद येथे समजून घेणे आवश्यक आहे. वरिष्ठ न्यायालय आरोपीला निर्दोष ठरविते तेव्हा ते मूळ निर्णय पुसून टाकते. शिक्षेत सूट देणारी सत्ता मात्र मूळ निर्णय अबाधित ठेवते आणि केवळ तिचा भार हलका करते. चुकीची शिक्षा झालेल्या माणसाला दया मिळाली, तर तो तुरुंगाबाहेर येतो, पण दोषी म्हणूनच. याचा प्रत्यय १९०८ मध्ये आला. 'देशाचे दुर्दैव' व 'हे उपाय टिकाऊ नाहीत' या अग्रलेखांवरील खटल्यात ज्युरीने ७ विरुद्ध २ मतांनी टिळकांना दोषी ठरविले. शिक्षा सुनावताना न्या. दावर यांनी पूर्वीच्या शिक्षेचा आणि तेव्हा दाखविलेल्या सौम्यतेचा उल्लेख केला. हेच दावर १८९७ मध्ये टिळकांचे वकील होते आणि त्यांनी टिळकांना जामीन मिळवून दिला होता. मजकूर मराठी असल्याने ज्युरी मराठी जाणणारी असावी, ही बचावपक्षाची मागणी १९०८ मध्येही मान्य झाली नाही. आपल्या प्रदीर्घ भाषणात टिळकांनी भाषांतरातील विपर्यासावर भर दिला, तो यामुळेच.

१९१६ मध्ये चित्र पालटले. बेळगाव व अहमदनगर येथील भाषणांवरून टिळकांकडून जामीन मागण्यात आला होता. उच्च न्यायालयात न्या. बॅचलर व न्या. शहा यांनी तो हुकूम रद्द केला. सुटी वाक्ये न वेचता भाषण समग्र वाचावे आणि त्याचा श्रोत्यांवर होणारा एकंदर परिणाम पाहावा, ही त्या निर्णयामागील दृष्टी. कायदा तोच होता, वक्ताही तोच. वाचनाची पद्धत बदलली आणि निकाल बदलला.

५

१८९७च्या मजकुरात समकालीन सूचितार्थ मुळीच नव्हता, असे म्हणणे मात्र भाबडेपणाचे होईल. शिवाजी उत्सव हा राजकीय जागृतीचाच उपक्रम होता आणि ऐतिहासिक रूपकातून वर्तमानावर बोलणे ही त्या काळच्या मराठी लेखनाची परिचित रीत होती. पुढे आपल्या वाङ्मयेतिहासकारांनी याच लेखनाचा गौरव करताना त्यातील 'ज्वलंत' आशयावरच बोट ठेवले. सरकारी वकिलाचे वाचन आणि गौरवकर्त्याचे वाचन पुष्कळदा एकाच ठिकाणी येऊन मिळते, फरक फक्त मूल्यमापनाचा. तेव्हा सूचितार्थ शोधणे हा अन्याय नव्हे. सूचितार्थाची तीव्रता, वक्त्याचे स्थान, वाचकवर्ग व परिणाम यांपैकी काहीही न मोजता त्याला शिक्षेचा आधार करणे हा अन्याय होय.

१९५६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात, टिळकांना १९०८ मध्ये शिक्षा झाली त्या दालनाजवळ, मुख्य न्यायमूर्ती छागला यांच्या हस्ते स्मृतिशिलेचे अनावरण झाले. कायद्याची तांत्रिक पूर्तता झाली असली तरी खऱ्या अर्थाने न्याय नाकारला गेला, अशा आशयाचे उद्गार त्यांनी काढले. हा नैतिक निर्वाळा होता. त्याने जुनी शिक्षा कायद्याने रद्द झाली नाही.

स्ट्रेचींच्या व्याख्येचे आयुष्य तर त्याहून दीर्घ ठरले. १९४२ मध्ये फेडरल कोर्टाने सार्वजनिक अव्यवस्थेची कसोटी पुढे केली, १९४७ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने ती अमान्य केली, आणि १९६२ मध्ये केदारनाथ सिंह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा स्वीकारली. ११ मे २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने कलम १२४ अ स्थगित ठेवले. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. तिच्या कलम १५२ मध्ये विघटन, सशस्त्र बंड, विध्वंसक कृत्ये यांची भाषा आहे. 'अप्रीती' हा शब्द तेथे नाही. मात्र शब्दांनी चिथावणी दिली की नाही हे ठरविण्यासाठी न्यायालयाला मजकूर वाचावाच लागणार आहे.

वर्गात आपण वक्ता आणि कवी यांतील भेद शिकवतो, संदर्भ तोडू नये असे सांगतो, भाषांतराला मूळ मानू नये असा इशारा देतो. परीक्षेच्या उत्तरपत्रिकेत या गोष्टींची किंमत दोन-चार गुणांची असते. १८९७ मध्ये तिची किंमत एका संपादकाने तुरुंगात काढलेल्या एका वर्षाएवढी होती.